एक संगणक, दोन कीबोर्ड: कोरियात सिनेमा लिहिणाऱ्याची कारकीर्द कशी घडते

प्रश्न थोडक्यात असा आहे: "माझं कोरियन टोपिकच्या, म्हणजे कोरियन भाषेच्या प्रमाण परीक्षेच्या, चौथ्या पातळीपर्यंत झालं आहे. जंग सो-ग्यंग यांनी लिहिलेले सिनेमे पाहिल्यापासून पटकथेकडे वळावंसं वाटतं. कोरियात सिनेमा लिहिणाऱ्यांची सुरुवात कशी होते, त्यावर पोट चालतं का, आणि इथे बसून मी त्यातून काय शिकू शकते?"

मी तेवीस वर्षं मुंबईत पटकथा आणि संवाद लिहितो आहे. मधली जवळजवळ दोन वर्षं एका कोरियन सिनेमाच्या अधिकृत हिंदी रूपांतरावर गेली. तो सिनेमा काही झाला नाही. पण त्या निमित्ताने मूळ पटकथा ओळ न् ओळ वाचली, दुभाष्याला शेजारी बसवून एकेका शब्दावर तासतास घालवले, आणि तिथले लेखक कसे काम करतात याचं वेडच लागलं. ते वेड अजून उतरलेलं नाही, म्हणून हे उत्तर लांबणार आहे.

आधी एक गोष्ट स्पष्ट करतो, कारण बाहेरून पाहणाऱ्यांचा इथेच गैरसमज होतो. कोरियन सिनेमात "फक्त लेखक" हा दुर्मिळ प्राणी आहे. बाँग जून-हो, पार्क चान-वूक, ली चांग-डाँग, ना हाँग-जिन हे सगळे दिग्दर्शक आपले सिनेमे स्वतः लिहितात किंवा लिहिण्यात पुरते गुंतलेले असतात. निर्माता आणि गुंतवणूकदार पटकथेइतकंच दिग्दर्शकाच्या नावाकडे बघून पैसे लावतात. त्यामुळे "उत्तम पटकथा लिहायची, विकायची, दुसरी लिहायला घ्यायची" असा सरळ रस्ता तिथे जवळजवळ नाहीच. तिथे लेखक उभा राहतो तो कुणाबरोबर लिहितो त्यावर. जंग सो-ग्यंग यांची कारकीर्द हे त्याचं सगळ्यात स्वच्छ उदाहरण आहे, आणि तुम्ही नेमकं त्यांचंच नाव घेतलंत याचा मला आनंद झाला.

त्यांचा जन्म 1975 चा. सोल राष्ट्रीय विद्यापीठात तत्त्वज्ञान शिकत होत्या, ते अर्धवट सोडून कोरियाच्या राष्ट्रीय कला विद्यापीठात पटकथालेखनाला गेल्या. आपल्याकडे एखाद्या मुलीने सर्वांत मोठ्या विद्यापीठातली जागा सोडून सिनेमा लिहायला शिकायचं ठरवलं तर घरात काय होईल याची कल्पना करा. प्रवेश परीक्षांनी मुलांचं अख्खं बालपण व्यापणाऱ्या कोरियात याहून वेगळं काही होत असेल असं वाटत नाही. शिकत असताना केलेल्या लघुपटामुळे त्यांच्याकडे पार्क चान-वूक यांचं लक्ष गेलं. ज्या स्पर्धेत तो लघुपट होता तिथे पार्क परीक्षक होते. पार्क स्वतःही तत्त्वज्ञानाचे विद्यार्थी, सोगांग विद्यापीठाचे. त्यांचे पहिले दोन सिनेमे, 1992 आणि 1997 मधले, साफ पडले होते. 2000 मध्ये 'जेएसए' चालला तेव्हा कुठे गाडी रुळावर आली. 2004 मध्ये कान चित्रपट महोत्सवात त्यांच्या 'ओल्डबॉय'ने ग्रां प्री हा पुरस्कार घेतला आणि त्याच्या पुढचा सिनेमा त्यांनी या नवख्या मुलीबरोबर लिहिला: 2005 चा 'लेडी व्हेन्जन्स'. तेव्हा त्या तिशीच्या होत्या.

तिथून पुढे दोघांचे सिनेमे आले ते 2006, 2009, 2016 आणि 2022 मध्ये. 'थर्स्ट'मध्ये फ्रेंच लेखक झोलाच्या कादंबरीचा सांगाडा घेऊन व्हॅम्पायर झालेल्या पाद्र्याची गोष्ट, 'द हँडमेडन'मध्ये व्हिक्टोरियन इंग्लंडमधली कादंबरी उचलून 1930 च्या दशकातल्या जपानी अमलाखालच्या कोरियात आणून बसवलेली, आणि मग 'डिसिजन टू लीव्ह'. सतरा वर्षांत एकाच दिग्दर्शकाबरोबर पाच सिनेमे. संख्या लहान वाटेल, पण पटकथाकाराच्या आयुष्यात एवढी लांब जोडी टिकणं ही फार मोठी गोष्ट आहे.

ही जोडी लिहिते कशी, ते पार्क यांनी मुलाखतींत अनेकदा सांगितलं आहे. एक संगणक, त्याला दोन पडदे आणि दोन कीबोर्ड. दोघं एकाच दस्तऐवजावर एकाच वेळी बसतात. एकाने वाक्य टाकलं की दुसरा ते तिथल्या तिथे बदलतो, खोडतो, पुढे नेतो. हे वाचून मी आणि माझ्या सहलेखिकेने गोरेगावच्या आमच्या खोलीत तसाच दुसरा कीबोर्ड जोडून पाहिला. पहिले चार दिवस अतिशय त्रासाचे गेले. आपण टाइप केलेला शब्द डोळ्यांदेखत पुसला जाताना बघणं सोपं नसतं. पाचव्या-सहाव्या दिवशी मात्र एक वेगळीच गोष्ट घडली. कुठली ओळ कुणाची हे आम्हाला आठवेनासं झालं, आणि त्याबरोबर वादाचा सूरही बदलला. "माझी ओळ का काढलीस" याऐवजी "ही बाई असं बोलेल का" यावर आम्ही भांडू लागलो. ईमेलवरून एकमेकांना ड्राफ्ट पाठवत बसलो असतो तर तिथवर पोचायला सहा महिने लागले असते.

आता त्यातल्या एका शब्दाजवळ थांबतो, कारण पटकथाकाराचं खरं काम अशा जागी दिसतं. 'डिसिजन टू लीव्ह'मध्ये नवरा डोंगरावरून पडून मेलेला आहे आणि त्याची बायको सो-रे पोलिसांसमोर बसली आहे. ती चिनी आहे. कोरियन शिकली आहे ती बरीचशी टीव्हीवरच्या ऐतिहासिक मालिका बघून, त्यामुळे तिची भाषा थोडी पुस्तकी, थोडी जुनी. ती म्हणते, तो डोंगरावर जाऊन परत आला नाही की मला काळजी वाटायची, "माछिमने" मेला की काय अशी. माछिमने म्हणजे अखेर, सरतेशेवटी. एवढा एकच शब्द चुकीच्या जागी पडला आणि समोरच्या पोलिसांचे कान टवकारले. परक्या भाषेत शब्द निसटला, की मनातलं बाहेर आलं? पुढचा सगळा सिनेमा त्या एका फटीत उभा आहे.

मराठीत हे कसं आणाल? "अखेर मेला की काय" म्हटलं तर पुस्तकीपणा येतो, संशय येत नाही. "एकदाचा मेला की काय" म्हटलं तर संशय नको इतका येतो. "एकदाचा"मध्ये सुटकेचा निःश्वास आहे, तो ऐकून कुठलाही हवालदार बेड्या काढेल. मी या ओळीवर अख्खी दुपार घालवली आहे आणि मला अजून समाधानकारक उत्तर सापडलेलं नाही. ही बाई चिनी ठेवण्याचं कारणही ऐकण्यासारखं आहे: पार्क आणि जंग यांना तांग वेई ही चिनी अभिनेत्रीच हवी होती, म्हणून पात्र चिनी झालं. व्यवहारातली एक अट आली आणि लेखकांनी तिच्यातूनच सिनेमाचा गाभा काढला. भाषांतराचं अॅप, शब्दकोशात बघितलेले शब्द, चुकलेले अर्थ, सगळं त्यातून आलं.

आता पोटाचा प्रश्न. इथे तुम्हाला गोड बोलून चालणार नाही.

कोरियन श्रेयनामावलीत तीन शब्द नीट ओळखायला शिका. 'वनान' म्हणजे मूळ कल्पना, 'गाकबोन' म्हणजे पटकथा, आणि 'गाकसेक' म्हणजे त्या पटकथेवर नंतर केलेलं पुनर्लेखन. तिथे नवोदितांच्या वाट्याला बहुतेक वेळा गाकसेक येतं. निर्मिती कंपनीकडे एखादी पटकथा किंवा वेबटूनचे, म्हणजे इंटरनेटवरच्या चित्रकथेचे, हक्क असतात, काम कुठेतरी अडलेलं असतं, आणि मग एक लेखक येतो, दुसरा येतो, तिसरा येतो. शेवटी पडद्यावर कुणाचं नाव कुठल्या शब्दाखाली येतं यावर पुढचं काम ठरतं. पैसे हप्त्यांनी मिळतात: करार करताना काही, मसुदा दिल्यावर काही, आणि उरलेला मोठा हिस्सा, ज्याला 'जानगम' म्हणतात, तो शेवटी. हा शेवट अनेकदा "गुंतवणूक पक्की झाल्यावर" किंवा "शूटिंग सुरू झाल्यावर" या अटीला बांधलेला असतो. सिनेमा उभाच राहिला नाही तर लेखकाने काम पूर्ण करूनही तो हप्ता हवेत राहतो. मी हे कोरियाबद्दल सांगतो आहे, पण मुंबईत मीही यातून गेलो आहे. एका निर्मात्याने पाच ड्राफ्ट घेतले, "फ्लोअरवर गेलं की देतो" म्हणाला, आणि ते फ्लोअर आलंच नाही.

याची सगळ्यात दुःखद किंमत छे गो-उन या तरुणीने मोजली. राष्ट्रीय कला विद्यापीठातून शिकलेली, लघुपट केलेली, पटकथांचे करार झालेली, पण त्यातला एकही सिनेमा पडद्यावर न आलेली. जानेवारी 2011 मध्ये सोलजवळच्या आन्यांगमध्ये आपल्या भाड्याच्या खोलीत, आजारपणात आणि हलाखीत, वयाच्या बत्तिसाव्या वर्षी ती गेली. शेजाऱ्यांच्या दारावर तिने थोडा भात आणि किमची मागणारी चिठ्ठी लावली होती. ही बातमी आली तेव्हा साऱ्या कोरियाला धक्का बसला. त्याच वर्षी कलावंत कल्याण कायदा मंजूर झाला आणि नोव्हेंबर 2012 पासून लागू झाला. लोक त्याला तिच्याच नावाने ओळखतात. त्याखाली कलावंत कल्याण संस्था उभी राहिली. कोरियन फिल्म कौन्सिल, म्हणजे कोफिकच्या पुढाकाराने पटकथाकारांसाठी नमुना करारही आला. पण नमुना करार असणं आणि कंपनीने त्यावर सही करणं यांत अंतर असतं, आणि ते अंतर अजून मिटलेलं नाही.

कायद्याची आणखी एक बाजू आपल्याकडच्या लेखकांनी समजून घ्यावी. कोरियाच्या कॉपीराइट कायद्याच्या शंभराव्या कलमात असं गृहीत धरलं आहे की वेगळा करार नसेल तर सिनेमा वापरण्यासाठी लागणारे हक्क निर्मात्याकडे गेले. सिनेमा पुढे टीव्हीवर, ओटीटीवर, परदेशात कितीही चालला तरी लेखकाच्या हाती आपोआप काही येत नाही. ओटीटीवरच्या कोरियन मालिकांनी जग जिंकल्यावर तिथे या प्रश्नावर जोरात आवाज उठला, तो याचमुळे. आपल्याकडे 2012 च्या दुरुस्तीने, चित्रपटगृहाबाहेरच्या वापरासाठी मिळणाऱ्या मानधनाचा हक्क लेखकाला सोडून देताच येणार नाही अशी तरतूद झाली. अंमलबजावणीसाठी झगडावं लागतं हे खरं, पण कागदावर आपण पुढे आहोत, आणि तो कागद कुणी लढून मिळवला आहे. तो वाचा.

मग तिथले लेखक टिकतात कसे? बरेचसे दिग्दर्शक होतात. पार्क हून-जंग यांनी 2010 मध्ये प्रदर्शित झालेल्या दोन गाजलेल्या थरारपटांच्या पटकथा लिहिल्या, 'आय सॉ द डेव्हिल' आणि 'द अनजस्ट', आणि पुढच्याच वर्षी स्वतःचा सिनेमा दिग्दर्शित केला. 2013 चा 'न्यू वर्ल्ड' त्यांचाच. ली चांग-डाँग यांची वाट अजून लांबची. शाळेत शिक्षक, मग कादंबरीकार, आणि चाळिशीच्या उंबरठ्यावर दिग्दर्शक पार्क क्वांग-सू यांच्या 1993 च्या सिनेमासाठी पटकथा लिहिली आणि त्याच सिनेमाच्या सेटवर सहायक दिग्दर्शक म्हणून राबले. त्या वयात, नावावर पुस्तकं असताना, सेटवर हरकाम करायला तयार होणं यात मला मोठेपण दिसतं. 1997 मध्ये पहिला सिनेमा, मध्ये काही काळ देशाचे सांस्कृतिक मंत्री, आणि 2010 मध्ये 'पोएट्री'साठी कानचा सर्वोत्तम पटकथेचा पुरस्कार.

दुसरी वाट सेटवरून टेबलाकडे येते. 'पॅरासाइट'चे सहलेखक हान जिन-वन हे बाँग यांच्या 'ओक्जा'च्या दिग्दर्शन विभागात काम करत होते. बाँग यांच्याकडे कथेची छोटी रूपरेषा होती. हान यांनी घरकाम करणाऱ्या बायका, श्रीमंतांचे ड्रायव्हर यांना भेटून माहिती जमवली आणि सुरुवातीचे मसुदे लिहिले. मग बाँग यांनी ते हातात घेऊन शेवटचं रूप दिलं. फेब्रुवारी 2020 मध्ये दोघं ऑस्करच्या मंचावर उभे होते. तिथे हान यांनी जे म्हटलं ते मला फार आवडतं: अमेरिकेत हॉलिवूड आहे तसं कोरियात चुंगमुरो आहे, आणि हा सन्मान चुंगमुरोच्या सगळ्या कथाकारांबरोबर वाटून घेतो. चुंगमुरो हा मध्य सोलचा भाग, जिथे एकेकाळी सगळ्या फिल्म कंपन्या होत्या. कंपन्या केव्हाच दुसरीकडे गेल्या, पण नाव राहिलं. एका वाक्यात हान यांनी आधीच्या सगळ्या पिढ्यांना मंचावर आणलं.

त्या पिढ्यांपैकी एकाचं नाव तुम्हाला माहीत असावं: साँग गिल-हान. 1970 मध्ये एका वर्तमानपत्राच्या नववर्षाच्या साहित्य स्पर्धेत पटकथा निवडली गेली, ही त्यांची सुरुवात. कोरियात कवी-कथाकारांसाठी अशा स्पर्धा मानाच्या असतात आणि तेव्हा पटकथेलाही त्यात जागा होती. 1980 च्या दशकात दिग्दर्शक इम क्वोन-तेक यांच्याबरोबर त्यांनी 'मांदाला', 'गिलसोत्तम', 'टिकेट' लिहिले. पुन्हा तीच गोष्ट: एक लेखक, एक दिग्दर्शक, लांबची सोबत. 'गिलसोत्तम' ही युद्धात ताटातूट झालेल्या आईची गोष्ट. मुलगा सापडतो आणि ती त्याला जवळ करू शकत नाही. त्या काळात पटकथा आधी सरकारी मंजुरीला जायची, मग सिनेमा पुन्हा तपासला जायचा. 1984 मध्ये भिक्षुणीवरचा त्यांचा एक सिनेमा बौद्ध संघटनांच्या विरोधामुळे अर्ध्यातच थांबला. सिनेमाची पूर्वतपासणी घटनाबाह्य आहे असा निकाल ऑक्टोबर 1996 मध्ये आला. पार्क, बाँग, ली यांची पिढी त्याच सुमाराला पुढे आली. तुम्ही ज्या मोकळेपणावर भाळला आहात तो फार जुना नाही.

टीव्हीबद्दल थोडंच सांगतो, कारण तुमचा प्रश्न सिनेमाचा आहे. मालिकांमध्ये चित्र पुरतं उलटं आहे. तिथे लेखकच राजा, जाहिरातीत नाव त्याचंच, मानधन भागागणिक. जंग सो-ग्यंग यांनीही 2018 मध्ये 'मदर' आणि 2022 मध्ये 'लिटल विमेन' या मालिका लिहिल्या. 2022 हे त्यांचं विलक्षण वर्ष: जूनअखेर 'डिसिजन टू लीव्ह' पडद्यावर आणि सप्टेंबरमध्ये बारा भागांची मालिका. सिनेमाने दिलेली शिस्त आणि मालिकेने दिलेला अधिकार, दोन्ही एकाच बाईने कमावलं. मला वाटतं आज तिथे एखादा पटकथाकार दिग्दर्शक न होता, लेखक म्हणूनच टिकू पाहत असेल तर त्याला हे दोन्ही दरवाजे उघडे ठेवावे लागतात.

आता तुमच्याबद्दल. टोपिकची चौथी पातळी ही वर्तमानपत्र वाचण्याची सुरुवात आहे. कोरियनमध्ये संवाद लिहिण्यासाठी ती पुरेशी नाही, सहावीसुद्धा पुरेशी नसते. म्हणून कोरियात जाऊन पटकथाकार होण्याचं स्वप्न मी तुम्हाला दाखवणार नाही. पण तुमच्याकडे एक गोष्ट आहे जी इंग्रजी सबटायटल वाचणाऱ्यांकडे नाही. कोरियनमध्ये जोन्देन्माल आणि बानमाल, म्हणजे आदराचं आणि जवळिकीचं बोलणं, यांतला फरक हा नाट्याचा अर्धा भाग असतो. एखादं पात्र एका वाक्यात "तुम्ही"वरून "तू"वर येतं आणि प्रसंग फिरतो. इंग्रजीत हे सगळं "यू"मध्ये बुडून जातं. मराठीत ते जिवंत राहतं, कारण आपल्याकडे तू आहे, तुम्ही आहे, आपण आहे, अहो आणि अगं आहे. 'डिसिजन टू लीव्ह'मधला पोलीस आणि सो-रे प्रेमात पडल्यावरही एकमेकांशी आदरार्थीच बोलतात. मराठी कान ते "तुम्ही" ऐकून लगेच ओळखतो की इथे ओढ आहे आणि अंतरही आहे.

त्यामुळे पहिलं काम हे करा. कोरियात गाजलेल्या सिनेमांच्या पटकथा पुस्तकरूपात निघतात आणि लोक त्या विकत घेऊन वाचतात. 'डिसिजन टू लीव्ह'ची पटकथा 2022 मध्ये तिथल्या खपाच्या यादीत वर होती. 'द हँडमेडन' आणि 'पॅरासाइट'च्याही निघाल्या आहेत. एक मागवा. मांडणी बघून घाबरू नका: एस आणि हॅशच्या चिन्हापुढे प्रसंगाचा आकडा, मग जागा आणि वेळ, खाली डावीकडे पात्राचं नाव आणि त्याच ओळीत संवाद. हॉलिवूडच्या साच्यासारखं मधोमध काही नसतं. चौकशीचा तो प्रसंग काढा आणि स्वतःसाठी मराठीत लिहा. ओळीखाली ओळ असं भाषांतर करू नका, मराठी पटकथा म्हणून लिहा. मग तुमच्यासारखीच कुणीतरी शोधा, वर्गातली, शेजारची, भांडणारी, आणि तोच प्रसंग दोघींनी एका संगणकावर बसून पुन्हा लिहा. दुसरा कीबोर्ड पाचशे रुपयांच्या आसपास मिळतो.

आणि "माछिमने"साठी मराठी शब्द सापडला, तर मला जरूर कळवा. मी "शेवटी", "अखेर", "एकदाचा", "सरतेशेवटी" हे सगळे वापरून पाहिले आहेत. सध्या "शेवटी"पाशी थांबलो आहे, पण ते वाक्य मोठ्याने वाचलं की अजून खटकतं.